लॉर्ड, रणगाडा आणि राजीनामा: तुमचे प्रश्न

मागच्या अंकात "मंत्र्याने राजीनामा नक्की कधी द्यावा" असं एका वाचकाने विचारलं होतं, तेव्हा मी ब्रिटनचे जुने परराष्ट्रमंत्री लॉर्ड कॅरिंग्टन यांचं उदाहरण दिलं होतं. 1982 साली अर्जेंटिनाने दक्षिण अटलांटिकमधली ब्रिटनची फॉकलंड बेटं घेतली आणि स्वतःची चूक नसताना तीन दिवसांनी हा माणूस खुर्ची सोडून घरी गेला, इतकंच लिहिलं होतं, दोन ओळीत. त्यावर इतकी पत्रं आणि मेसेज आले की या वेळचा अख्खा कॉलम त्यालाच देतोय. बरेच प्रश्न सारखेच होते ते एकत्र केलेत, आणि नेहमीप्रमाणे नावं छापत नाही.

प्रश्न: लॉर्ड म्हणजे नक्की काय? आपल्याकडे इंग्रजांच्या काळात रावबहादूर असायचे तसंच का?

नाही, आणि इथेच बऱ्याच जणांचा घोळ होतो. रावबहादूर हा किताब त्या माणसाबरोबर संपायचा, मुलगा काही रावबहादूर व्हायचा नाही. पिढीजात लॉर्ड म्हणजे आपल्या वतनासारखं समजा, बाप गेला की थोरल्या मुलाकडे आपोआप येतं, त्याने काही करायची गरज नाही, अर्ज नाही, परीक्षा नाही. पायऱ्या पाच, वरून खाली ड्यूक, मार्क्वेस, अर्ल, व्हायकाउंट आणि बॅरन. धाकट्या भावांना मात्र यातलं काहीच मिळत नाही, कायद्याने ते साधे नागरिक, त्यामुळे अशा घरांतले धाकटे मुलगे पूर्वी सरळ फौजेत, चर्चमध्ये नाहीतर वकिलीत जायचे.

पण वतनात आणि यात एक मोठा फरक आहे. वतनदाराला जमीन मिळायची, मान मिळायचा, पण देशाचे कायदे करायला बसायचा हक्क नव्हता मिळत. इथे मिळायचा. ब्रिटनमधल्या किताबवाल्या घरात बाप गेलेला असला आणि थोरला मुलगा 21 वर्षांचा झाला की हाऊस ऑफ लॉर्ड्समध्ये, म्हणजे संसदेच्या वरच्या सभागृहात, त्याची जागा पक्की, आणि हे 1999 पर्यंत चालू होतं.

कॅरिंग्टन हे सहावे बॅरन. मूळ घराणं तलवारबहाद्दरांचं वगैरे अजिबात नाही, नॉटिंगहॅमचे बँकवाले स्मिथ, त्यांच्यातल्या रॉबर्ट स्मिथला 1796-97 मध्ये किताब मिळाला आणि पुढच्या पिढ्यांनी आडनावही बदलून टाकलं. यांचे वडील 1938 मध्ये वारले तेव्हा पीटर कॅरिंग्टन 19 वर्षांचे होते, म्हणजे आपल्याकडे ज्या वयात पोरं एस.वाय.ला असतात त्या वयात हा लॉर्ड झाला.

प्रश्न: मी फौजेतून सुभेदार म्हणून रिटायर झालो. लॉर्डच्या मुलाला थेट अफसरी मिळायची असं आम्ही ऐकायचो, खरं का? आणि अशी माणसं लढाईत काय कामाची?

सुभेदारसाहेब, तुमच्या प्रश्नात जो राग आहे तो समजतो आणि त्याला आधार पण आहे. 1871 पर्यंत ब्रिटिश पायदळात आणि घोडदळात अफसरी चक्क विकत मिळायची, लेफ्टनंट कर्नलपर्यंतची पदं पैसे मोजून घेता यायची. तोफखाना आणि इंजिनिअर्समध्ये नाही, कारण तिथे गणित यावं लागायचं. याचा परिणाम बघायचा तर 25 ऑक्टोबर 1854 ची बालाक्लाव्हाची लढाई बघा, क्रिमियात. घोडदळाचा मुख्य लॉर्ड लुकन, त्याच्या हाताखाली लाइट ब्रिगेडचा मुख्य लॉर्ड कार्डिगन, दोघेही अर्ल, लुकनची बायको म्हणजे कार्डिगनची बहीण, आणि दोघं एकमेकांशी धड बोलत नव्हते. कार्डिगन तर रात्री बंदरातल्या स्वतःच्या यॉटवर झोपायला जायचा आणि त्याचे जवान थंडीत तंबूत. वरून आलेला एक अर्धवट हुकूम, तो नीट समजून घ्यायला दोघांत संवाद नाही, आणि सहाशेच्या वर घोडेस्वार समोरच्या तोफांवर थेट सोडले गेले. मेले ते जवान, कार्डिगन जिवंत परत आला. ग्लॅडस्टनच्या सरकारने 1871 मध्ये ही विकत घ्यायची पद्धत बंद केली तेव्हा सगळ्यात जास्त आडवे कोण आले, तर हाऊस ऑफ लॉर्ड्स, शेवटी राणीच्या हुकूमनाम्याने ते करावं लागलं.

पण त्याच वर्गातून दुसऱ्या प्रकारची माणसं पण आली आणि ती तुम्हाला नक्की आवडतील. लॉर्ड गॉर्ट हे सहावे व्हायकाउंट, शाळेत असतानाच किताब आला. 27 सप्टेंबर 1918 ला फ्रान्समध्ये कॅनाल द्यू नोर इथे ते ग्रेनेडियर गार्ड्सची पहिली बटालियन घेऊन पुढे गेले, जखमी झाले, रक्त वाहत असताना हल्ला चालू ठेवला, परत जखमी झाले, स्ट्रेचरवर ठेवलं तर थोड्या वेळाने स्ट्रेचरवरून उठून पुढचा हल्ला स्वतः चालवायला गेले. याचा व्हिक्टोरिया क्रॉस. तोपर्यंत डीएसओ हे शौर्यपदक तीनदा आणि मिलिटरी क्रॉस होताच. हे कुठल्याही किताबाने मिळत नाही, हे तुम्हाला मी सांगायची गरज नाही.

त्यांचं खरं मोठेपण मला मात्र 25 मे 1940 च्या संध्याकाळी दिसतं. फ्रान्समधल्या सगळ्या ब्रिटिश फौजेचे ते मुख्य होते, जर्मनांनी वेढत आणलं होतं आणि वरचा प्लॅन असा की दक्षिणेकडे हल्ला चढवायचा, त्यासाठी दोन डिव्हिजन राखून ठेवल्या होत्या. उत्तरेला बेल्जियन सैन्याची फळी फुटत होती. गॉर्टनी कोणाच्या परवानगीची वाट न बघता तो हल्ला रद्द केला आणि त्या दोन डिव्हिजन उत्तरेच्या भगदाडात घातल्या, म्हणजे समुद्राकडे जायची वाट उघडी राहिली, आणि मग डंकर्क बंदरावरून 3,38,226 माणसं निघाली. त्यांना फार हुशार सेनापती कोणी म्हणत नाही, मीही म्हणणार नाही, पण त्या एका संध्याकाळी त्यांनी पराभव स्वतःच्या नावावर घेतला आणि फौज वाचवली. पुढे त्यांना परत कधी मोठी फौज दिली नाही. जिब्राल्टर, मग माल्टा असं गव्हर्नर म्हणून पाठवलं, आणि वेढ्यातल्या माल्टात पेट्रोल नाही म्हणून गव्हर्नरसाहेब सायकलवर फिरायचे. व्हिक्टोरिया क्रॉसवाला लॉर्ड, सायकलवर, उपाशी लोकांच्या गल्ल्यांमधून. मला हे फार भावतं.

प्रश्न: कॅरिंग्टननी स्वतः लढाई बघितली होती का? एका डॉक्युमेंटरीत ऐकलं की पूल ओलांडून त्यांचे रणगाडे थांबले आणि अमेरिकन सैनिक त्यांच्यावर भडकले.

बघितली होती, आणि तुम्ही ऐकलंय त्यात तथ्य आहे. जागा नेदरलँड्समधलं नाइमेखन, तारीख 20 सप्टेंबर 1944. प्लॅन असा होता की छत्रीधारी सैनिकांनी नद्यांवरचे पूल ताब्यात घ्यायचे आणि खालून रणगाडे एका रस्त्याने धडधडत वर आर्नेमपर्यंत पोचायचे. आर्नेमच्या पुलाच्या एका टोकाला ब्रिटिश छत्रीधारी अडकून लढत होते आणि मध्ये नाइमेखनचा वाल नदीवरचा भला मोठा पूल अजून जर्मनांकडे. त्या दिवशी दुपारी, भर उजेडात, अमेरिकेच्या 82 व्या एअरबोर्नची माणसं कापडी होड्यांतून ती रुंद नदी वल्हवत पार झाली, समोरून मशीनगन चालू, काहींकडे वल्ही नव्हती तर ते रायफलच्या दस्त्यांनी पाणी मारत होते. त्यातून जे उतरले ते पुलाच्या पलीकडच्या टोकाकडे धावले. संध्याकाळी इकडून ग्रेनेडियर गार्ड्सचे रणगाडे पुलावर चढले, सगळ्यात पुढे सार्जंट रॉबिन्सनची तुकडी, आणि त्यांच्या मागे स्क्वाड्रनचे सेकंड इन कमांड कॅप्टन लॉर्ड कॅरिंग्टन, वय 25. पुलाखाली स्फोटकं लावलेली आहेत हे सगळ्यांना माहीत होतं. शर्मन रणगाड्यात पाच माणसं असतात, पाचही जणांना माहीत होतं की मधोमध असताना कोणी कळ दाबली तर सगळं नदीत. स्फोट झाला नाही. त्या कामगिरीत त्यांना मिलिटरी क्रॉस मिळाला.

मग ते पलीकडे थांबले. आर्नेम तिथून सतरा-अठरा किलोमीटर. ज्या अमेरिकनांचे मित्र काही तासांपूर्वी नदीत गेले होते त्यांना हे थांबणं बघवलं नाही, आणि त्यांचा संताप खरा होता, त्याला कोणी चूक म्हणू नये. पण रस्ता बघा, दोन्ही बाजूंना सखल ओली जमीन आणि मध्ये बांधावरून जाणारा रस्ता, त्यावर रणगाडा म्हणजे भिंतीवर ठेवलेलं मडकं. रात्र पडलेली, बरोबर पायदळ नाही, ते अजून नाइमेखनच्या गल्ल्यांमध्ये लढतंय, दारूगोळा कमी. आणि आर्नेमच्या पुलावरच्या लोकांची ताकद तोपर्यंत जवळजवळ संपली होती, दुसऱ्या दिवशी सकाळी तो विषय मिटलाच. माझं मत विचाराल तर एका स्क्वाड्रनने काही झालं नसतं. चूक झाली ती वरच्या प्लॅनमध्ये, एकाच रस्त्यावर सगळं लटकवण्यात, आणि तिची किंमत दोन्ही देशांच्या साध्या पोरांनी भरली.

प्रश्न: मी पॉलिटिकल सायन्स शिकते. जो माणूस संसदेची एकही निवडणूक लढला नाही तो इतकी वर्षं मंत्री कसा राहतो? हे लोकशाहीत बसतं का?

अगं, तुझा दुसरा प्रश्न आधी घेतो. नाही बसत. मी या माणसाचा आदर करतो म्हणून त्या पद्धतीची बाजू घेणार नाही, जन्मामुळे कोणाला कायदे करायला बसवणं चूकच.

आता पहिला. ब्रिटनमध्ये मंत्री होण्यासाठी दोनपैकी कुठल्याही एका सभागृहात असणं चालतं, त्यामुळे लॉर्ड मंत्री होऊ शकतो. पंतप्रधान मात्र खालच्या सभागृहातलाच असावा असा रिवाज पडला, लॉर्ड सॉल्सबरी 1902 मध्ये पायउतार झाल्यावर कोणी लॉर्ड्समध्ये बसून देश चालवला नाही. कॅरिंग्टननी ऑक्टोबर 1945 मध्ये जागा घेतली, हक्क 1940 मध्येच आला होता पण तेव्हा ते युनिफॉर्ममध्ये होते. 1951 मध्ये चर्चिलच्या सरकारात शेतीखात्याचे ज्युनिअर मंत्री, मग संरक्षण खात्यात, 1956 ते 59 ऑस्ट्रेलियात हायकमिशनर, मग नौदलाचे मंत्री, लॉर्ड्समधले नेते, 1970 ते 74 संरक्षणमंत्री, 1979 मध्ये पंतप्रधान थॅचरबाईंचे परराष्ट्रमंत्री, आणि 1984 ते 88 नाटोचे सेक्रेटरी जनरल. पंतप्रधान बदलत गेले आणि हा माणूस राहिला.

यातलं शेतीखातं तू नीट वाच, अभ्यासाला फार कामाचं आहे. डॉर्सेटमध्ये क्रिचेल डाऊन म्हणून सातशेच्या वर एकर जमीन, युद्धाआधी सरकारने बॉम्ब टाकायच्या सरावासाठी घेतली. काम संपल्यावर परत देऊ असं आश्वासन होतं. युद्ध संपलं, जमीन शेतीखात्याकडे गेली आणि खात्यातल्या साहेबांनी ती मूळ मालकांना न देता दुसऱ्यालाच भाड्याने द्यायचं ठरवलं, विचारणाऱ्याला उत्तरं पण धड नाहीत. चौकशी झाली, 1954 मध्ये मंत्री सर थॉमस डगडेल यांनी राजीनामा दिला, स्वतः पैसा खाल्ला म्हणून नाही तर खात्याने केलं ते माझ्या नावावर म्हणून. कॅरिंग्टननी पण राजीनामा पुढे केला होता, चर्चिलनी घेतला नाही. तेव्हा ते 35 वर्षांचे. खातं चुकलं तर मंत्री उभा राहतो हे त्यांनी तिथे अगदी जवळून बघितलं, आणि 28 वर्षांनी तेच त्यांच्यावर आलं.

प्रश्न: फॉकलंडमध्ये त्यांची चूक नव्हती असं तुम्ही लिहिलंत. मग राजीनामा कशाला? आणि आजच्या कोणी दिला असता का?

हा प्रश्न सगळ्यात जास्त लोकांनी विचारला. "आजच्या कोणी" चं उत्तर तुम्हाला माहीत आहे, ते सोडतो.

मी "चूक नव्हती" असं म्हटलं ते थोडं घाईत म्हटलं, आता नीट सांगतो. दक्षिण अटलांटिकमध्ये ब्रिटनचं एन्ड्युरन्स नावाचं एकच गस्ती जहाज असायचं. 1981 मध्ये संरक्षणमंत्री जॉन नॉट यांनी खर्च कमी करायचा म्हणून ते काढून घ्यायचं ठरवलं. कॅरिंग्टननी पत्रं लिहून विरोध केला, एकदा नाही, परत परत, कारण त्यांना दिसत होतं की हे जहाज काढलं तर समोरचा समजेल यांना बेटं नकोच आहेत. त्यांचं ऐकलं गेलं नाही. पण हेही खरं की परराष्ट्र खात्याला अर्जेंटिना इतक्यात उठेल असं वाटलं नाही, आणि अगदी शेवटच्या दिवसांत कॅरिंग्टन इस्रायलच्या दौऱ्यावर होते. 2 एप्रिल 1982, शुक्रवार, अर्जेंटिनाचे सैनिक उतरले.

शनिवारी, 3 एप्रिलला, कॉमन्सची, म्हणजे खालच्या सभागृहाची, खास बैठक बोलावली. शनिवारी कॉमन्स बसणं म्हणजे 1956 च्या सुएझ कालव्याच्या पेचानंतर पहिल्यांदा. आणि इथे पिढीजात लॉर्ड असण्याची खरी अडचण समोर येते, जी एरवी कोणाच्या लक्षात येत नाही. सगळा देश ज्या सभागृहाकडे बघतोय तिथे परराष्ट्रमंत्री उभाच राहू शकत नव्हता, त्याला फक्त लॉर्ड्समध्ये बोलता येतं. खासदार चिडलेले, उत्तर मागतायत, आणि उत्तर द्यायला नॉट, ज्यांचं भाषण पार कोसळलं. नंतर पक्षाच्या खासदारांच्या बंद दाराआडच्या बैठकीत कॅरिंग्टन गेले तेव्हा त्यांच्याच लोकांनी त्यांना फाडून खाल्लं. थॅचरबाईंनी थांबा म्हणून आग्रह केला, जवळच्या सहकाऱ्यांनी केला. सोमवारी 5 एप्रिलला त्यांनी राजीनामा दिला, खात्यातले दोन सहकारी मंत्री हम्फ्री ॲटकिन्स आणि रिचर्ड लूस यांनी पण. त्याच सोमवारी पोर्ट्समथहून आरमार निघालं, धक्क्यावर हजारो लोक झेंडे घेऊन उभे.

तो योगायोग नीट बघितला ना की राजीनाम्याचं कारण कळतं. पोरं समुद्रावर निघालीत, काही परत येणार नाहीत, अशा वेळी "मी तर पत्र लिहिलं होतं" असं फाइल दाखवत बसायचं, की जो राग आहे तो अंगावर घेऊन सरकारला आणि फौजेला मोकळं करायचं? ज्याने स्वतः 25 व्या वर्षी स्फोटकं लावलेल्या पुलावर रणगाडा घातला होता त्याला हे कळलं, असं मला मनापासून वाटतं. 74 दिवसांत 255 ब्रिटिश आणि 649 अर्जेंटिनाचे सैनिक गेले. जानेवारी 1983 मध्ये लॉर्ड फ्रँक्सच्या चौकशी समितीने सांगितलं की अर्जेंटिनाच्या हल्ल्याचा दोष सरकारवर टाकता येत नाही. म्हणजे ते थांबले असते तर नऊ महिन्यांनी सुटलेच असते.

पण थांबा, मला अजून एक सांगायचंय, कारण एका वाचकाने लिहिलंय की "असा निष्कलंक माणूस विरळा". निष्कलंक हा शब्द मी वापरणार नाही. 30 जानेवारी 1972 ला उत्तर आयर्लंडमध्ये डेरी शहरात नागरी हक्कांच्या मोर्चावर ब्रिटिश पॅराट्रूपर्सनी गोळ्या घातल्या, 13 माणसं त्याच दिवशी मेली, एक नंतर. तेव्हा संरक्षणमंत्री कोण? कॅरिंग्टन. त्याआधी 1971 च्या ऑगस्टमध्ये खटल्याशिवाय लोकांना उचलून आत टाकलं, त्यातल्या काहींना डोक्यावर पिशवी घालून तासन् तास भिंतीला उभं केलं, झोप नाही, अन्न नाही, सतत कर्कश आवाज, आणि 1978 मध्ये युरोपच्या मानवी हक्क कोर्टाने या वागणुकीला अमानुष आणि अपमानास्पद ठरवलं. डेरीच्या पहिल्या चौकशीने सैनिकांना जवळजवळ सोडून दिलं, खरं बाहेर यायला 2010 उजाडलं आणि तेव्हा पंतप्रधान कॅमेरॉन यांनी कॉमन्समध्ये माफी मागितली. फॉकलंडसाठी राजीनामा आला, डेरीसाठी आला नाही. मी 1982 च्या त्या निर्णयाला सलाम करतो आणि 1972 ची गोष्ट पण त्याच माणसाच्या खात्यावर लिहितो.

प्रश्न: झिम्बाब्वेच्या स्वातंत्र्यात त्यांचा हात होता म्हणतात, ते कसं?

होता, आणि मोठा. ऱ्होडेशियात, म्हणजे आजच्या झिम्बाब्वेत, इयान स्मिथच्या गोऱ्या सरकारने 1965 मध्ये परस्पर स्वातंत्र्य जाहीर केलं, मग गनिमी युद्ध, हजारो मृत्यू. कॅरिंग्टननी 10 सप्टेंबर 1979 ला सगळ्यांना लंडनमध्ये लँकेस्टर हाऊसला बसवलं, गनिमांचे नेते मुगाबे आणि न्कोमो, तिथले तेव्हाचे पंतप्रधान बिशप मुझोरेवा, स्वतः स्मिथ पण. त्यांची युक्ती अशी की सगळे मुद्दे एकदम टेबलावर घ्यायचेच नाहीत, आधी फक्त राज्यघटना, ती ठरली की मधल्या काळाची व्यवस्था, मग युद्धबंदी. एक पायरी मान्य झाल्याशिवाय दुसरी नाही, त्यामुळे उठून जाणाऱ्याला दरवेळी मिळालेलं गमवावं लागायचं. 21 डिसेंबरला सह्या झाल्या, 18 एप्रिल 1980 ला झिम्बाब्वे स्वतंत्र. जमिनीचा प्रश्न मात्र त्यांनी दहा वर्षांसाठी बांधून ठेवला, गोऱ्या शेतकऱ्याची मर्जी असेल तरच जमीन विकत घ्यायची असं ठरलं, आणि तो न सुटलेला गुंता पुढे त्या देशाला फार महाग पडला.

प्रश्न: असा किताब नको असेल तर सोडता येतो का? मुलींना मिळतो का? आणि आपला कोणी भारतीय असा लॉर्ड झाला का?

सोडता येतो, 1963 पासून. टोनी बेन नावाचे मजूर पक्षाचे खासदार, वडील वारल्याबरोबर व्हायकाउंट झाले आणि त्यामुळे खासदारकी गेली, ते झगडले आणि कायदा झाला. त्याचा फायदा लगेच विरोधी बाजूला झाला, अर्ल ऑफ होम त्याच वर्षी पंतप्रधान झाले आणि त्यांनी लगेच किताब सोडला, पोटनिवडणूक जिंकेपर्यंत काही दिवस देशाचा पंतप्रधान कुठल्याच सभागृहात नव्हता. कॅरिंग्टननी सोडला नाही, सोडला असता तर काय झालं असतं याच्या चर्चा खूप झाल्या.

मुलींना बहुतेक किताब जात नाहीत, काही जुन्या स्कॉटिश किताबांना सूट आहे. माउंटबॅटनना मुलगे नव्हते म्हणून त्यांच्या किताबात मुलीला वारसा मिळेल अशी खास अट घातली होती, 1979 मध्ये त्यांची हत्या झाल्यावर थोरली मुलगी पॅट्रिशिया काउंटेस झाल्या.

भारतीय, हो, एकच. सत्येंद्र प्रसन्न सिन्हा, बंगालमधल्या बीरभूम जिल्ह्यातल्या रायपूरचे, मोठे वकील, 1915 च्या मुंबई काँग्रेसचे अध्यक्ष. 1919 मध्ये बॅरन सिन्हा झाले आणि त्याच वर्षीचा भारत सरकारचा कायदा लॉर्ड्समधून पास करून घ्यायचं काम त्यांनीच केलं. किताबातलं रायपूर छत्तीसगडचं नाही, हे दोन वाचकांनी विचारलंय म्हणून लिहितोय.

प्रश्न: आता हे पिढीजात लॉर्ड उरलेत का? कॅरिंग्टन घराण्याचं पुढे काय झालं?

आजोबा, तुमचं पत्र पोस्टाने आलं, अक्षर इतकं सुंदर की टेबलावर ठेवलंय. 1999 च्या कायद्याने साडेसातशेच्या आसपास पिढीजात लॉर्डांपैकी बहुतेकांची जागा गेली, तडजोड म्हणून 92 ठेवले, आणि त्यातला कोणी गेला की पोटनिवडणूक व्हायची, पण मत द्यायचं ते बहुतेक वेळा त्याच पक्षाच्या उरलेल्या पिढीजात लॉर्डांनी. 2016 मध्ये एका पोटनिवडणुकीत मतदार तीन आणि उमेदवार सात होते, हे चेष्टेत नाही सांगत, रेकॉर्डवर आहे. 2024 च्या सप्टेंबरमध्ये मजूर पक्षाच्या सरकारने उरलेल्यांना पण काढायचं बिल आणलं, आणि मला ते योग्यच वाटतं.

कॅरिंग्टनना 1999 मध्येच तहहयात सदस्य म्हणून वेगळा किताब दिला गेला, तो त्यांच्याबरोबर संपणारा. गंमत म्हणजे घराण्याच्या आडनावात इंग्रजीत आर एकदाच आणि पिढीजात किताबात दोनदा, तर हा नवा किताब आडनावाप्रमाणे एका आरचा. त्या एका आरवर ते मरेपर्यंत लॉर्ड्सचे सदस्य राहिले, 9 जुलै 2018 ला 99 व्या वर्षी गेले. दोन आरवाला किताब मुलाकडे, रुपर्ट कॅरिंग्टनकडे गेला, ते त्याच वर्षी पोटनिवडणुकीतून सभागृहात आले. लॉर्ड ग्रेट चेंबरलेन नावाचं एक जुनं पद आहे, राजा बदलला की ते ठरावीक घराण्यांमध्ये फिरतं, 2022 मध्ये एलिझाबेथ राणी गेल्यावर ते त्यांच्याकडे आलं. 6 मे 2023 च्या राज्याभिषेकाचा व्हिडिओ घरात कोणाला लावून द्यायला सांगा आणि राजासमोर सोन्याचे स्पर, म्हणजे घोडेस्वाराच्या टाचेला लावायचे काटे, धरणारा माणूस येतो तिथे थांबवा. नाइमेखनचा पूल ओलांडलेल्या त्या कॅप्टनचा हा मुलगा.